परक्याच्या आठवणींना भाडं लागत नाही

मे २०२३ मध्ये सिंगापूरच्या बीच रोडवरची गोल्डन माइल कॉम्प्लेक्स नावाची इमारत रिकामी झाली. १९७३ सालची इमारत. पायऱ्यापायऱ्यांनी वर चढत गेलेली. वर घरं आणि ऑफिसं, खाली थाई खानावळी, थाई किराणा, मलेशियाला आणि थायलंडमधल्या हात याईला जाणाऱ्या बसची तिकीटघरं. रविवारी थाई कामगार इथे जमायचे, म्हणून लोक तिला 'लिटल थायलंड' म्हणायचे. बिल्डरांच्या एका गटानं ती सगळीच्या सगळी ७० कोटी सिंगापूर डॉलरना विकत घेतली होती.

बंद होण्याआधी एका शनिवारी मी फोन घेऊन तिथे गेलो. नऊ फोटो काढले आणि रात्री बसून मराठीत एक लांबलचक पोस्ट लिहिली. सुरुवात 'मी आलो तेव्हाचं सिंगापूर वेगळं होतं' अशी. मध्ये पावसाचा वास, तळलेल्या लसणाचा वास, काउंटरवरची म्हातारी आणि तिचं हसू. शेवटी शहरं कशी गुपचूप मरतात असं काहीतरी. आयुष्यात कधी मिळाले नव्हते इतके बदाम त्या पोस्टला मिळाले. साताऱ्याहून आईचा फोन आला, 'किती छान लिहिलंयस, रडू आलं.'

आता हिशोब सांगतो. मी सिंगापूरला २०१९ साली आलो. चार वर्षांत त्या इमारतीत सहा वेळा जेवलो. त्यातल्या दोन ऑफिसच्या पार्ट्या होत्या. त्या म्हातारीचं नाव मला माहीत नव्हतं आणि ती पुढे कुठे जाणार हे मी तिला विचारलंही नव्हतं. माझ्या आईला जे रडू आलं, त्यामागे एकूण सहा जेवणं होती.

हा लेख त्या पोस्टच्या विरोधात आहे. आणि परदेशी राहून आलेला माणूस 'माझं ते शहर आता राहिलं नाही' म्हणून जे जे लिहितो, त्या सगळ्याच्या विरोधात आहे. हा प्रकार तुम्ही वाचला असेलच. टोकियोवर असतो, बँकॉकवर असतो, दुबईवर असतो. आधी हे गोरे लोक इंग्रजीत लिहायचे, आता कंपनीनं तीन-चार वर्षांसाठी पाठवलेले आपण मराठीत लिहितो. माझं म्हणणं सरळ आहे: हा प्रकार निरागस नाही. त्यात एक मोठी गोष्ट दडवलेली असते, आणि ती दडवल्याशिवाय तो लिहिताच येत नाही.

ते मला कसं कळलं ते आधी सांगतो.

माझी कंपनी बांधकामाच्या साइटवर हजेरीची यंत्रं बसवायची. गेटवर फिरता दांडा, त्यावर चेहरा ओळखणारा कॅमेरा. चेहरा जुळला, परवाना चालू असला की दिवा हिरवा होतो आणि दांडा फिरतो. त्यामागचं सॉफ्टवेअर लिहिणाऱ्या चौघांपैकी मी एक. त्यामुळे आमच्यापैकी बाकीच्यांना कधी दिसत नाही ते सिंगापूर मला दिसायचं. सकाळी साडेसहाला चिखलाच्या गेटवर उभं राहून यंत्र चालतंय का बघायचं, हे माझं काम होतं.

तिथेच अण्णांची ओळख झाली. पुदुकोट्टईकडचे, पन्नाशीच्या आतबाहेरचे, फरशी बसवणारे. तरुणपणी तीन वर्षं मुंबईत साइटवर काम केलेलं, त्यामुळे हिंदी माझ्यापेक्षा बरी. मी त्यांना अण्णा म्हणायचो, ते मला तंबी, म्हणजे धाकटा भाऊ. पोस्टच्या कौतुकानं माझी मान ताठ झाली होती त्या आठवड्यात चहाच्या सुट्टीत मी त्यांना ते फोटो दाखवले. गोल्डन माइलच्या फोटोवर त्यांनी दोन बोटांनी झूम केलं. पण इमारतीवर नाही. कोपऱ्यात मागे एक काचेचा टॉवर अर्धा कापला गेला होता, त्यावर.

"ये मैंने बनाया," ते म्हणाले. "उन्नीस माले तक. फिर पर्मिट खतम."

त्या टॉवरबद्दल मी पोस्टमध्ये एक वाक्य लिहिलं होतं. जुन्या शहराला गिळत चाललेली निर्जीव काच, अशा अर्थाचं. फोटो कापताना तो होता होईल तेवढा बाहेर ठेवला होता, कारण तो मला कुरूप वाटत होता.

माझ्या हरवलेल्या शहराच्या फोटोत कापून टाकलेला भाग एका माणसाचं दीड वर्षाचं काम होतं. तोही परकाच. तोही भारतातूनच आलेला. माझ्याही आधी किती तरी वर्षं आलेला.

*

सिंगापूरमध्ये परक्यांच्या दोन जाती आहेत, आणि त्या कागदावर ठरतात.

माझ्याकडे होता 'एम्प्लॉयमेंट पास'. पगार ठरावीक रकमेच्या वर असला तर तो मिळतो. महिना ६,००० डॉलरच्या वर गेलात तर बायकोमुलांनाही आणता येतं. अण्णांकडे होतं 'वर्क पर्मिट'. ते साधारण दोन वर्षांचं असतं. त्यावर कुटुंब आणता येत नाही. मालकानं सरकारकडे प्रत्येक कामगारामागे ५,००० डॉलरचा जामीन भरलेला असतो. पर्मिटवरच्या कामगाराला, किंवा जो कधीकाळी पर्मिटवर होता त्यालासुद्धा, सिंगापूरच्या नागरिकाशी लग्न करायचं तर सरकारची परवानगी लागते. प्रेमात पडायला फॉर्म भरावा लागतो, असं समजा.

शब्दही वेगळे आहेत. माझ्यासारखा 'एक्सपॅट' किंवा 'फॉरेन टॅलेंट'. अण्णांसारखा 'फॉरेन वर्कर'. मी ऑफिसला मेट्रोनं जायचो. अण्णा उघड्या लॉरीच्या मागे, सळ्या आणि सिमेंटच्या शेजारी बसून. मालाच्या गाडीतून माणसं नेऊ नयेत असा सिंगापूरचा कायदाच आहे, पण कामावर नेल्या जाणाऱ्या कामगारांसाठी त्यातून सूट आहे. शिस्तीचं जगभर कौतुक होणाऱ्या शहरात सीट बेल्टचा नियम कुणासाठी लागू नाही, हे एकदा बघून ठेवा.

आता विचार करा, 'परक्याच्या नजरेतून बदलतं शहर' हा लेख या दोघांपैकी कोण लिहितो?

शहर बदलताना अण्णांनी ते हातांनी बदललं. कुठली जुनी इमारत कधी पडली, तिथे खाली काय निघालं, नवीन कधी उभी राहिली, कुठल्या मजल्यावर कुणाचा पाय घसरला, हे त्यांच्या पिढीला दिवसवारी माहीत आहे. बदलाच्या आठवणी म्हणाल तर त्या त्यांच्याकडे आहेत. पण त्या आठवणींना आपण आठवणी म्हणत नाही. आपण त्याला 'कामाचा अनुभव' म्हणतो. आठवण म्हणजे कॉफीचा वास, आणि तो ज्याला सुट्टीच्या दिवशी निवांत घेता येतो त्याचा.

*

या प्रकारातली दुसरी लबाडी तारखेची आहे.

माझ्या ऑफिसात २००५ साली आलेले एक मराठी सीनिअर होते. त्यांच्या मते खरं सिंगापूर म्हणजे सुंगेई रोडचा चोरबाजार. जुने रेडिओ, घड्याळं, नाणी जमिनीवर मांडून विकणारे म्हातारे. जुलै २०१७ मध्ये तो बंद झाला आणि तिथेच, त्यांच्या मते, शहर संपलं. मी २०१९ साली आलो, म्हणजे मी मेलेल्या शहरात उतरलो. तरी माझं खरं सिंगापूर २०१९ सालीच सुरू झालं आणि २०२३ साली गोल्डन माइलबरोबर संपलं. आता तिकडे गेलेल्या ज्युनिअर पोरांचं खरं सिंगापूर आत्ता चालू आहे आणि पाचेक वर्षांनी संपेल.

शहराची खरी तारीख नेहमी आपण विमानातून उतरलो तीच कशी असते? कारण आपल्याला चुकतंय ते शहर नसतंच. चुकतोय तो तेविसाव्या वर्षीचा पहिला पगार आणि रात्री दोनला एकट्यानं न भिता केलेला रस्ता. ती हळहळ खरी आहे, माझीही आहे. पण तिला 'शहराचा मृत्यू' म्हणायचं हा चोरीचा मामला झाला. आपलं वय वाढलं त्याचा दाखला दुसऱ्याच्या शहराकडून मागायचा.

आणि ज्या जुन्यासाठी आपण गळा काढतो, त्यात राहणाऱ्यांचं काय? याच गोल्डन माइलला २००६ साली संसदेत एका सदस्यानं 'उभी झोपडपट्टी' म्हटलं होतं. ते बोलणं उर्मट होतं, पण गळकी छतं आणि ठिगळं लावलेल्या बाल्कन्या मीही पाहिल्या होत्या. पोस्टमध्ये मी त्यांना 'काळाच्या खुणा' म्हटलं. जुन्या बैठ्या वस्त्यांबद्दलही असंच गोड लिहिलं जातं. २५ मे १९६१ ला बुकित हो स्वी या वस्तीला आग लागली आणि सुमारे १६,००० माणसं बेघर झाली. त्याच्या आदल्याच वर्षी स्थापन झालेल्या गृहनिर्माण मंडळानं त्यांच्यासाठी भराभर इमारती उभ्या केल्या. आज देशातले पाचातले चार रहिवासी अशा सरकारी इमारतींत राहतात. त्या आगीतून निघून दहाव्या मजल्यावर नळाचं पाणी मिळालेल्या बाईला जाऊन सांगा, की तुमचं शहर आत्मा हरवून बसलंय.

म्हणजे बदल झाला तेच बरं, असं मी म्हणत नाही. स्थानिक माणसं बदलाशी भांडतात आणि त्यांनी भांडावंच. बुकित ब्राउन हे चिनी लोकांचं जुनं कब्रस्तान आहे, तिथे एक लाखाच्या आसपास थडगी. २०११ साली त्यातून आठपदरी रस्ता नेण्याचं जाहीर झालं. लोकांनी काय केलं? रविवारी सकाळी उन्हातान्हात फिरून थडग्यांवरची नावं वाचली, नोंदी केल्या, येईल त्याला फुकट हिंडवून माहिती दिली, सरकारशी वाद घातला. साडेतीन हजारांहून जास्त थडगी हललीच, रस्ता झालाच. पण त्या आठवणीला किंमत मोजलेली होती. वेळ, घाम, आणि ज्या सरकारशी भांडलं त्याच सरकारच्या हाताखाली जन्मभर राहायची तयारी. मी माझ्या पोस्टसाठी काय मोजलं? मोबाइल डेटा.

*

तिसरी गोष्ट सगळ्यात गैरसोयीची आहे. ज्या बदलाबद्दल आपण रडतो, तो बदल आपणच असतो.

२०२२ साली सिंगापूरमध्ये खासगी घरांची भाडी एका वर्षात जवळजवळ ३० टक्क्यांनी वाढली. माझ्या घरमालकिणीनं नव्या कराराला एवढं भाडं सांगितलं की मी आठवडाभर ऑफिसात दुसरं काही बोलत नव्हतो. 'हे शहर आता आपल्यासारख्यांचं राहिलं नाही.' आपल्यासारख्यांचं! ती जागा सोडून मी जिथे गेलो, तिथे माझ्याआधी एक स्थानिक जोडपं राहायचं. मी त्यांच्यापेक्षा दोनशे डॉलर जास्त द्यायला तयार झालो म्हणून ते गेले. बाजारात किमती वाढवणाऱ्या गर्दीतला एक चेहरा माझा होता. गर्दी नेहमी बाकीच्यांची असते असं आपल्याला वाटतं, एवढंच.

आणि भाडी वाढली का? बरीच कारणं होती. बाहेरून माणसं परत आली, मागणी वाढली. पण एक मोठं कारण असं, की नवी घरं वेळेवर तयार झाली नाहीत. ती बांधणारी माणसं कोंडून ठेवलेली होती.

एप्रिल २०२० मध्ये सिंगापुरात लॉकडाउन लागला. त्याला तिथे 'सर्किट ब्रेकर' म्हणत. मला घरून काम होतं आणि संध्याकाळी व्यायामाला बाहेर पडायची मुभा होती. मी रिकाम्या रस्त्यांचे फोटो टाकायचो. पक्षी ऐकू येतात वगैरे. त्याच वेळी सुमारे ३ लाख २३ हजार कामगार डॉर्मिटरींमध्ये होते, एकेका खोलीत बारा-बारा, सोळा-सोळा माणसं, आणि बाहेर पडायची बंदी. त्या वर्षाच्या डिसेंबरमध्ये सरकारनंच आकडा दिला: डॉर्मिटरीतल्या ४७ टक्के लोकांना संसर्ग होऊन गेला होता. जवळजवळ दोनांतला एक. उपचार सरकारी खर्चानं झाले आणि मृत्यू अगदी मोजके झाले, याचं श्रेय द्यायलाच हवं. पण बाकी शहर उघडलं तरी त्यांची दारं उघडली नाहीत. सप्टेंबर २०२१ मध्ये लस घेतलेल्या कामगारांपैकी आठवड्याला ५०० जणांना प्रयोग म्हणून फिरायला सोडायचं ठरलं. जून २०२२ मध्ये रोजचा पास गेला, तरी रविवारी आणि सुट्टीच्या दिवशी लिटल इंडिया, चायनाटाउन, गेलांग सेराई आणि जुरोंग ईस्ट या चार ठिकाणी जायला आधी वेगळा पास काढावा लागायचा.

तेव्हाच्या रविवारी मी लिटल इंडियात डोसा खायला जायचो. मला पास लागायचा नाही. 'गर्दी नाही त्यामुळे छान वाटतं' असं मी स्टोरीवर लिहिलेलं आहे. अजून आर्काइव्हमध्ये आहे, आत्ता बघितलं.

आता माझ्या कोडबद्दल.

२०२० साली साइट पुन्हा सुरू झाल्या तेव्हा कामगाराचं आरोग्याचं स्टेटस हिरवं असल्याशिवाय त्याला आत सोडायचं नव्हतं. आमच्या गेटला रोज पहाटे एक यादी यायची. यादी आलीच नाही तर काय करायचं, हा प्रश्न माझ्याकडे आला. मी लिहिलं: माहिती नसेल तर लाल. सुरक्षेच्या दृष्टीनं हेच बरोबर, रिव्ह्यूमध्ये कौतुकही झालं. एका सोमवारी यादी साडेनऊपर्यंत आली नाही. चाळीस माणसं गेटबाहेर पावसात उभी राहिली. एकालाही साधा खोकला नव्हता. यादी आल्यावरही यंत्रांना ती पोचेपर्यंत अकरा वाजले. कंत्राटदारानं सगळ्यांची अर्ध्या दिवसाची मजुरी कापली. मी वीस मिनिटांत बग दुरुस्त केला आणि तिकीट बंद केलं. मजुरीचं पुढे काय झालं हे मी विचारलं नाही. ते आमच्या स्कोपमध्ये येत नव्हतं.

त्या चाळिसांत अण्णा होते. हे त्यांनी मला तीन वर्षांनी सांगितलं, त्या फोटोंच्या दिवशी. तक्रार म्हणून नाही. "वो मशीन का दिमाग तू लिखता है ना?" असं विचारून हसत हसत. मी हो म्हटलं. मग ते म्हणाले, "बारिश बहुत था उस दिन."

माझ्या पोस्टमध्येही पाऊस होता. छत्रीवर टपटपणारा, कॉफीच्या वासात मिसळणारा. सिंगापूरचा पाऊस या विषयावर माझ्याकडे चौदा फोटो आहेत. त्या सोमवारचा एकही नाही.

*

यावर मला जे सांगितलं जाईल ते मला माहीत आहे, कारण मीच स्वतःला ते सांगून पाहिलं आहे.

'ते स्वखुशीनं जातात, गावापेक्षा जास्त कमावतात.' खरं आहे. अण्णांनी दोन मुलींची लग्नं आणि एक घर त्या पैशांतून केलं, आणि कुणी कीव केली की त्यांना राग यायचा. मी कीव करा म्हणतच नाही. एजंटचं कर्ज फेडायला पहिलं वर्ष जातं हेही खरं आहे, पण आत्ता मुद्दा तो नाही. मुद्दा असा, की शहराची गोष्ट सांगताना त्यांना साक्षीदार म्हणून बोलवा.

'आपल्याकडे काय वेगळं आहे? पुण्या-मुंबईत साइटवरचे कामगार पत्र्याच्या शेडमध्ये राहतात.' अगदी बरोबर. म्हणून तर हे मराठीत लिहितोय. २००४ पासून आपण मुंबईचं शांघाय करतोय, अधूनमधून सिंगापूरही करतो. ज्यांना तसं करायचंय त्यांनी तिथले झाडांनी झाकलेले रस्ते बघितले. लॉरीच्या मागे बसलेली माणसं त्यांना फोटोत दिसली नाहीत. फोटो काढणारे आपण होतो, आपणच ती कापली होती. परदेशाबद्दल आपण जे लिहितो त्यातून इथल्या लोकांच्या डोक्यात शहराचा नकाशा तयार होतो. पु. ल. देशपांड्यांच्या 'पूर्वरंग'पासून मराठी माणूस पूर्वेकडचे देश वाचत आला आहे. लिहिण्याला परिणाम असतो.

'मग परक्यानं आठवणी काढायच्याच नाहीत का?' काढायच्या. पण वारस म्हणून नाही, साक्षीदार म्हणून. वारस म्हणतो, माझं गेलं. साक्षीदाराला सांगावं लागतं की मी कुठे उभा होतो, तिथून काय दिसत होतं, आणि काय दिसत नव्हतं.

सिंगापुरात जवळजवळ प्रत्येक गोष्टीला मुदत आहे. सरकारी घर ९९ वर्षांच्या लीझवर. मेलेल्या माणसाला कबरीत १५ वर्षं, मग जागा दुसऱ्याला. वर्क पर्मिट दोन वर्षं. जागा थोडी, माणसं फार, त्यामुळे हे समजण्यासारखं आहे. आपण परके मात्र तिथून येताना बिनमुदतीचं काहीतरी घेऊन येतो. 'माझं सिंगापूर.' त्याला लीझ नाही, भाडं नाही, कुणाची परवानगी नाही.

आणि हे नवीन नाही. मध्यवर्ती भागात सेंट अँड्र्यूज हे पांढरंशुभ्र कॅथीड्रल आहे. १८५० आणि ६० च्या दशकांत ते बांधलं भारतातून नेलेल्या कैद्यांनी. १८२५ पासून १८७३ पर्यंत असे कैदी सिंगापूरला येत राहिले. बंगाल आणि मद्रासमधून, आणि आपल्या मुंबई इलाख्यातूनही. कॅथीड्रलच्या भिंतींना मद्रासी चुन्याचा गिलावा आहे. चुन्यात अंड्याचा पांढरा बलक आणि साखर कालवून, नारळाच्या सोडणाचं पाणी मारून केलेला. इतका गुळगुळीत की हात फिरवावासा वाटतो. त्या चर्चसमोर फोटो काढणारे मराठी लोक मी दर रविवारी बघायचो, मीही काढलाय. आपल्या मुलखातली काही माणसं बेड्या घालून इथे आणली गेली होती, हे मला चार वर्षांत एकाही मराठी गप्पांत ऐकायला मिळालं नाही. गणपतीच्या वर्गणीचा इतिहास मात्र सगळ्यांना पाठ.

*

तर तुम्ही उद्या टोकियोहून, सोलहून, दुबईहून परत याल आणि लिहायला बसाल, तेव्हा तीन गोष्टी लिहा. कुठल्या साली आलात आणि कुठल्या पासवर. भाडं किती द्यायचात आणि तुमच्याआधी तिथे कोण राहायचं. आणि जुनं पाडून जे नवं उभं राहिलं, ते कुणी बांधलं. यानंतरही रडू आलं तर जरूर रडा. ते रडणं बहुतेक वेगळं असेल.

अण्णांचं पर्मिट २०२३ च्या शेवटी संपलं, मालकानं वाढवलं नाही. जायच्या आदल्या दिवशी त्यांनी मला एक काम सांगितलं. त्या काचेच्या टॉवरमध्ये बाल्कन्यांच्या फरश्या त्यांनी बसवल्या होत्या. बाल्कनीला ढाळ द्यावा लागतो, पाणी जाळीकडे वाहायला हवं. एका मजल्यावर घाई झाली होती, ढाळ नीट पडला की नाही ही शंका त्यांच्या मनात राहून गेली होती. इमारत पूर्ण झाल्यावर त्यांना आत जाता आलं नव्हतं. गेटवर त्यांना कोण सोडणार?

मला सोडलं. २०२४ मध्ये सिंगापूर सोडण्याआधी मी एका एजंटला फोन केला, घर भाड्यानं हवंय म्हटलं. इस्त्रीचा शर्ट घातला. वॉचमननं नावही विचारलं नाही. नेमका तो मजला मिळाला नाही, सोळावा मिळाला. एजंट स्वयंपाकघरातली कपाटं दाखवत होता तेवढ्यात मी बाल्कनीत गेलो आणि बाटलीतलं पाणी फरशीवर ओतलं. एजंट बघत राहिला.

पाणी क्षणभर थांबलं, मग कोपऱ्यातल्या जाळीकडे गेलं. मी व्हिडिओ काढून अण्णांना पाठवला. समोर खाली गोल्डन माइल दिसत होती, रिकामी, पत्रे ठोकलेली. तीही आली व्हिडिओत, पण तिच्याकडे कॅमेरा वळवला नाही.

दहा मिनिटांनी उत्तर आलं. "दूसरा कोना भी चेक कर, तंबी."